मंदावलेला तारा आणि चुकलेली वारी

एखादा वारकरी वीस-पंचवीस वर्षे नेमाने पंढरीस चालत जातो आणि एका आषाढीस येत नाही. दुसऱ्या वर्षीही येत नाही. मग दिंडीत कुजबुज सुरू होते. कोणी म्हणतो, त्याने माळ उतरवली असेल. कोणी म्हणतो, अहो, त्याचा भाव मुळातच कच्चा, चारचौघांबरोबर चालत होता इतकेच. तिसरा अधिक शहाणा असतो, तो म्हणतो, आम्हाला हे आधीच ठाऊक होते. अशा मनुष्याविषयी आपण काय समजावे आणि त्याच्याशी कसे वागावे, हा प्रस्तुत लेखाचा विषय होय. प्रश्न लहान दिसतो खरा. परंतु फडातून माणसे तुटतात ती बहुधा याच ठिकाणी. वारी चुकल्याने तुटत नाहीत, चुकल्यानंतर जे बोलले जाते त्याने तुटतात.

दृष्टांत आम्ही आकाशातला घेणार आहोत, वाचकांनी थोडा धीर धरावा. ज्यांचे तेज कमीजास्त होते अशा ताऱ्यांना ज्योतिर्विद रूपविकारी तारे म्हणतात. असे तारे असतील हे युरोपातल्या जुन्या पंडितांना मान्यच नव्हते. चंद्राखाली सगळे नाशिवंत, चंद्रावरचे सगळे निर्विकार, असा त्यांचा सिद्धांत. १५९६ सालच्या ऑगस्टात जर्मनीच्या उत्तर किनाऱ्याकडील डेव्हिड फाब्रिसियस नावाच्या धर्मोपदेशकाने एका ग्रहाचे स्थान ठरवण्यासाठी तिमिंगल नावाच्या तारकासमूहातला एक तारा खुणेला धरला. तो तारा आधी तेजाळला, मग मंद होत होत ऑक्टोबरात दिसेनासा झाला. फाब्रिसियसने समजूत करून घेतली की, क्वचित एखादा नवा तारा उगवतो आणि विझतो, त्यातलाच हा एक. विषय मिटला. पुढे १६०९ साली तोच तारा त्याच जागी त्याला पुन्हा दिसला!

१६३८ मध्ये होल्वार्डा नावाच्या डच विद्वानाने दाखवून दिले की, हा तारा मरत नाही, सुमारे अकरा महिन्यांच्या फेऱ्याने मंदावतो आणि पुन्हा उजळतो. १६६२ साली हेवेलियसने त्याला मायरा, म्हणजे आश्चर्यकारक, असे नाव दिले. आज त्याचा फेरा सरासरी ३३२ दिवसांचा धरतात. फेऱ्यातला बराचसा काळ तो नुसत्या डोळ्यांना दिसत नाही. तो म्हातारा, लाल, अवाढव्य तारा आहे. फुगतो, आकसतो, आणि त्याबरोबर त्याचे तेज शेकडो पटींनी बदलते. हा विकार बाहेरून आलेला नव्हे, त्याच्या पिंडाचाच आहे.

फाब्रिसियसची एक गोष्ट ओघात सांगून टाकतो, आम्हा कीर्तनकारांच्या उपयोगाची आहे म्हणून. १६१७ साली त्याचा खून झाला. गावातल्या एका बदकचोरावर त्याने प्रवचनाच्या व्यासपीठावरून तोंडसुख घेतले आणि त्या माणसाने फावड्याने त्याला मारले, असे सांगतात. चोरी खरी होती की खोटी, देव जाणे. व्यासपीठावरून माणसाचा निवाडा करण्याची हौस किती जुनी आहे, एवढे मात्र यावरून कळते.

आता दुसरा तारा पाहू. ययाति नावाच्या तारकासमूहात अल्गॉल आहे. मूळ अरबी नावाचा अर्थ पिशाचाशी संबंधित. इंग्लंडातील यॉर्क गावी जॉन गुडरिक हा तरुण राहत असे. लहानपणापासून बहिरा. १७८२ च्या नोव्हेंबरात, वयाच्या अठराव्या वर्षी, त्याने या ताऱ्याचे तेज एका रात्रीत उतरताना पाहिले, मग तो आणि त्याचा शेजारी एडवर्ड पिगट रात्रीमागून रात्री पाहत राहिले. नियम सापडला. दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनी तारा मंदावतो, पाचएक तास उतरतो, तेज जवळजवळ तिसऱ्या हिश्शावर येते, आणि तितक्याच वेळात तो पूर्ववत होतो. १७८३ साली रॉयल सोसायटीला पाठवलेल्या पत्रात गुडरिकने अनुमान मांडले की, एखादे मोठे काळे बिंब ताऱ्याभोवती फिरत असून मधूनमधून त्याच्या आड येत असावे. हे अनुमान खरे ठरायला १८८९ साल उजाडावे लागले. जर्मनीतील फोगेलने ताऱ्याच्या प्रकाशाचे पृथक्करण करून ते सिद्ध केले. गुडरिक तोवर कधीच गेला होता, १७८६ मध्ये, वय अवघे एकवीस.

अल्गॉलचे तेज मुळी घटतच नाही. मंद प्रकाशाचा जोडीदार आड येतो आणि आपल्याला घट दिसते. शास्त्रात याला औपाधिक म्हणतात. स्फटिकाशेजारी जास्वंदीचे फूल ठेवले की स्फटिक लाल दिसतो, तशातली गत. मायराचा विकार स्वाभाविक, अल्गॉलचा औपाधिक. खाली उभे राहून बघणाऱ्याला मात्र दोन्ही ठिकाणी एकच दिसते, तारा मंद झाला.

आमच्या गुरुजींच्या पाठशाळेत असे दोन प्रकार सांगून झाले म्हणजे वाद संपत असे. परंतु तिसरा एक तारा आहे, तो या दोन कप्प्यांत बसत नाही. मृगातली तांबडी काक्षी सगळ्यांच्या ओळखीची. २०१९ च्या अखेरीस ती मंदावू लागली, आणि २०२० च्या फेब्रुवारीत इतकी उतरली की नुसत्या डोळ्यांना मृगाची आकृती एका खांद्याकडून लंगडी वाटावी. आता हिचा स्फोट होणार, अशी बोलवा जगभर उठली. उन्हाळा येईतो ती पूर्ववत झाली. पुढे अभ्यासकांनी जे उलगडून दाखवले ते असे : तिने आपल्याच अंगातून वायूचा एक लोट बाहेर टाकला, तो थंड होऊन त्याची धूळ झाली, आणि ती धूळ तिच्या तोंडापुढे आली. म्हणजे आवरण खरेच, पण कोणी दुसऱ्याने घातलेले नाही. स्वतःच निर्माण केलेली उपाधी! आणि ती धूळ पांगताच आतला तारा होता तसाच. माणसांत हा प्रकार फार आढळतो, असे आमचे मत आहे.

यावर कोणी शंका घेईल, "महाराज, आकाशात हिशेब मांडता येतो. माणसाच्या मनात काय आड आले आहे आणि काय आतूनच ओसरले आहे, हे कसे ओळखायचे?" शंका रास्त आहे. तिचे उत्तर ताऱ्यांत नाही, तारे पाहणाऱ्यांच्या रीतीत आहे.

बंगालमध्ये जेसोर येथे राधागोविंद चंद्र नावाचे गृहस्थ होऊन गेले, जन्म १८७८ चा. मॅट्रिक पार करता आली नाही; सरकारी खजिन्यात नोकरी. दिवसा नाणी पारखायची आणि रात्री तारे. अमेरिकेत रूपविकारी तारे पाहणाऱ्यांची एक संस्था १९११ साली निघाली आहे, तिला ते आपली निरीक्षणे पाठवीत. त्यांची चिकाटी पाहून संस्थेने त्यांना सहा इंची दुर्बीण समुद्रापलीकडून पाठवली. फाळणीनंतर घर सोडून पश्चिम बंगालात यावे लागले, तरी नेम सुटला नाही. त्यांच्या नावावर ३७,००० हून अधिक निरीक्षणे जमा आहेत. १९७५ मध्ये ते वारले. याला आम्ही वारीच म्हणतो.

ही मंडळी पाहतात कशी? एकट्या ताऱ्याकडे बघून त्याचे तेज सांगता येत नाही. शेजारचे दोन स्थिर तारे घ्यायचे, एक किंचित अधिक तेजस्वी, एक किंचित कमी, आणि हा त्यांच्यामध्ये कुठे बसतो ते ठरवायचे. तुलनेचा तारा फार तेजस्वी घेतला तर निर्णय बिघडतो. लाल ताऱ्याकडे टक लावून पाहू नये, कारण टक लावली की तो असतो त्याहून उजळ भासतो. ओझरती दृष्टी टाकावी. आज तो किती तेजस्वी असायला हवा हे आधी विचारून जाऊ नये, नाहीतर डोळा तेच पाहतो. आणि दिसलाच नाही तर "दिसला नाही" असे लिहावे, "विझला" असे लिहू नये.

आता आमच्या कुजबुजीकडे वळा. न आलेल्या टाळकऱ्याची तुलना आपण कोणाशी करतो? फडाच्या महाराजांशी, नाहीतर थेट संतांशी! त्या उजेडापुढे तुम्ही-आम्ही कोण दिसणार? त्याच्या शेजारी त्याच्याच परिस्थितीतला, त्याच्याइतकीच कोरडवाहू जमीन असलेला मनुष्य ठेवून पाहिले आहे काय? त्याच्याविषयी काय ऐकायचे ते ठरवूनच आपण त्याच्या घरी जातो. आणि वहीत लिहायचे असते "आला नाही", तिथे आपण लिहून मोकळे होतो "सुटला".

येथे ध्रुवाचा प्रश्न निघतो. भागवताच्या चौथ्या स्कंधातले ध्रुवाख्यान आम्ही शेकडो वेळा लावले असेल. एकदा कीर्तन संपल्यावर कॉलेजातला एक मुलगा म्हणाला, "बुवा, ध्रुवतारासुद्धा रूपविकारी आहे." मुलगा खरे बोलला. ध्रुवाचे तेज सुमारे चार दिवसांच्या फेऱ्याने अगदी किंचित हलते, डोळ्यांना कळणार नाही इतके. आणि तो कायम ध्रुवस्थानी राहणाराही नाही. अयनचलनामुळे सुमारे २६,००० वर्षांत आकाशाचा ध्रुवबिंदू एक फेरा करतो. यावर काही मंडळी रागावतात, ते आम्हाला पटत नाही. जे दृश्य आहे ते परिणामी आहे, हे तर आपलेच शास्त्र. कूटस्थ असे काही असेल तर ते पाहणाऱ्याच्या बाजूला शोधावे, दिसणाऱ्या तेजोगोलात नव्हे. त्या बाळाला मिळालेले अढळपद त्या वायूच्या गोळ्यावर अवलंबून नाही. पण मग जो बारा वर्षे टाळ धरून चालला त्याने जन्मभर एकाच तेजाने तळपावे, ही अपेक्षा आपण कोणत्या आधारावर धरतो?

या विकाराचाही उपयोग होतो बरं का. गुडरिकने १७८४ साली वृषपर्वा समूहातला असाच एक तारा शोधला, साडेपाच दिवसांहून थोडा कमी फेरा असलेला. त्या जातीच्या ताऱ्यांचा फेरा जितका लांब तितके त्यांचे खरे तेज अधिक, हा नियम हेन्रिएटा लेव्हिट या बाईंनी १९१२ साली मांडला, आणि त्यावरूनच दूरच्या आकाशगंगांची अंतरे मोजता आली. ज्यांचे तेज हलते तेच मोजमापाच्या कामी आले.

आमच्या ओळखीच्या एका दिंडीत असाच एक जण दोन वर्षे आला नाही. नाव कमी करा, असा आग्रह झाला. शेवटी एक वयस्कर विणेकरी त्याच्या गावी जाऊन आले. पहिल्या वर्षी बायको अंथरुणाला खिळली होती, हे खरेच. ती बरी झाली, मग का आला नाहीस, असे विचारले तेव्हा तो खाली मान घालून म्हणाला, "आता मनच लागत नाही, बाबा. का ते मलाही कळत नाही." विणेकऱ्यांनी उपदेश केला नाही. भाकर खाल्ली, संध्याकाळी दारात बसून हरिपाठ म्हटला, तो ऐकत बसला, म्हटला मात्र नाही. सकाळी हे परत आले.

मग फडाने शिस्त ठेवूच नये काय? ठेवावी. त्याच्या हातची सेवा दुसऱ्याला द्यावी, कारण दिंडी कोणासाठी थांबत नाही. कोणी दिंडीच्या पैशांत हात घातला असेल तर हिशेब मागावा, तिथे ताऱ्यांचे दृष्टांत देत बसू नये. परंतु भाव ओसरला हा काही गुन्हा नव्हे. त्या दिंडीने टाळ दुसऱ्याला दिला आणि वहीत नाव राहू दिले. विणेकरी दर एकादशीला नाही, पण महिन्या-दोन महिन्यांनी त्या गावावरून जातात आणि त्याच्या ओट्यावर टेकतात. यंदाच्या आषाढीला तो आला नव्हता. वहीत त्याच्या नावापुढे "आला नाही" एवढेच लिहिले आहे.