न्यायालयाची स्थगिती आणि अमानतीचा हिशेब



सरकारी नोकरीत मिळालेल्या निवासस्थानाला आपण क्वार्टर म्हणतो. तेथे मुले लहानाची मोठी होतात, दारात लावलेले रोपटे झाड होते आणि एके दिवशी निवृत्तीचा आदेश हाती पडतो. सवलतीचे महिने संपतात, नोटीस येते आणि वकील गाठला जातो. न्यायालय स्थगिती देते. मग तारखांमागून तारखा पडत राहतात आणि कुटुंब त्याच घरात राहते. अशा वेळी एक प्रश्न आम्हा इमामांना वारंवार विचारला जातो : “मौलाना, कोर्टाचा स्टे आहे, तेव्हा येथे राहणे जायजच ना?”

प्रश्न साधा वाटतो, पण त्यात कायदा आणि ईमान या दोहोंचा गुंता आहे. तो शांतपणे सोडवू या.

प्रथम कायदा पाहू. केंद्र सरकारच्या जागांसाठी १९७१ चा सार्वजनिक जागांविषयीचा निष्कासन कायदा लागू आहे. इस्टेट ऑफिसर आधी कारणे दाखवा नोटीस देतो, म्हणणे ऐकून आदेश काढतो आणि त्या आदेशाविरुद्ध १२ दिवसांच्या आत जिल्हा न्यायाधीशांकडे अपील करता येते. २०१९ च्या दुरुस्तीने निवासस्थानांपुरती ही प्रक्रिया आखूड केली. आता नोटिशीला उत्तर देण्यासाठी कामकाजाचे तीनच दिवस मिळतात. शिवाय दावा लढवीत घरात राहणाऱ्याने त्या काळाची दरमहा नुकसानभरपाई भरावी, असेही त्या दुरुस्तीत म्हटले आहे. म्हणजे स्थगितीचा काळ फुकटचा असतो, असे दुनियेचा कायदाही मानत नाही.

आता शरीअतकडे वळू. हजरत उम्मे सलमा (रजि.) यांच्याकडून वर्णिलेली एक हदीस बुखारी व मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आहे. तिचा आशय असा : प्रेषित (स.) म्हणतात की मी एक माणूस आहे, तुम्ही आपले तंटे माझ्याकडे आणता, तुमच्यातील एखादा युक्तिवादात अधिक निपुण असू शकतो आणि मी जे ऐकतो त्यावरून निवाडा करतो, त्यातून कोणाला आपल्या भावाचा हक्क मिळाला, तर त्याने तो आगीचा तुकडा समजावा. वाचकहो, विचार करा. खुद्द अल्लाहच्या रसूलांच्या (स.) निवाड्यानेही पराया हक्क हलाल होत नसेल, तर एखाद्या अंतरिम आदेशाने तो कसा होईल? सूरह अल-बकराच्या १८८ व्या आयतीतही दुसऱ्याचा माल अन्यायाने खाण्यास आणि जाणूनबुजून त्यासाठी हाकिमांचे दार ठोठावण्यास एकत्रच मनाई आहे.

स्थगितीचा अर्थ एवढाच की निर्णय होईपर्यंत कोणी तुम्हाला बाहेर काढणार नाही. घर तुमचे आहे, असे ती सांगत नाही.

मग ते घर कोणाचे? क्वार्टर ही विकत घेतलेली वस्तू नव्हे, वारशाने आलेली मिळकत नव्हे. नोकरी आहे तोवर वापरण्यास दिलेली ती अमानत आहे. सूरह अन-निसाच्या ५८ व्या आयतीत अमानती त्यांच्या हक्कदारांना सुपूर्द करण्याचा आदेश आहे. मुदत संपल्यावर आणि मागणी झाल्यावरही अमानत अडवून ठेवली, तर फिकहच्या भाषेत तो गसब, म्हणजे बळकावणे, ठरतो.

“सरकारचे म्हणजे कोणाचेच नाही,” असे आपल्याकडे सर्रास म्हटले जाते. खरे पाहता ते सर्वांचे असते आणि म्हणूनच त्याचा हिशेब अधिक कठीण असतो. शेजाऱ्याची हातभर जमीन दाबली, तर त्याचे पाय धरून माफी मागता येईल. बदलीवर आलेला जो शिपाई किंवा जी परिचारिका प्रतीक्षायादीत नाव नोंदवून भाड्याच्या खोलीत दिवस काढते आहे, तिचे नावही आपल्याला ठाऊक नसते. माफी कोणाकडे मागणार? खैबरच्या मोहिमेनंतर एक सेवक बाणाने ठार झाला. लोक त्याला शहादतीची मुबारकबाद देऊ लागले, तेव्हा प्रेषितांनी (स.) सांगितले की वाटणीपूर्वी त्याने घेतलेली चादर त्याच्यावर आग होऊन पेटली आहे. हे ऐकून एक जण चपलेचा बंद परत घेऊन आला. सामाईक मालाची भीती सहाबांना अशी होती.

कोणी म्हणेल, हे सरकार इस्लामी नाही. हिजरतच्या रात्रीचे स्मरण करा. ज्या मक्कावासीयांनी प्रेषितांचे (स.) जगणे अशक्य केले, त्यांच्याच अमानती परत करण्यासाठी त्यांनी हजरत अली (रजि.) यांना मागे ठेवले. स्वतः बेघर होत असतानाही त्यांनी अमानत परतवली.

तरीही गरजवंताचे काय, हा प्रश्न उरतोच आणि तो टाळणे योग्य नव्हे. काश्मीरमधून विस्थापित झालेला एक अधिकारी २००६ साली निवृत्त झाला. परतायला घर नाही म्हणून फरिदाबादच्या सरकारी घरात राहू द्यावे, अशी त्याची मागणी होती. उच्च न्यायालयाने ती मानली. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला : निवाऱ्याचा हक्क म्हणजे सरकारी निवासस्थानाचा हक्क नव्हे. त्याआधी २०१८ मध्ये याच न्यायालयाने उत्तर प्रदेशच्या माजी मुख्यमंत्र्यांनाही सरकारी बंगल्यांवर हक्क नाही, असे ठरवले होते. तत्त्व दोघांना एकच. पण बंगला सोडणाऱ्याचे दुःख आणि विस्थापिताचे दुःख एका तराजूत तोलता येणार नाही.

येथे हजरत फुरैआ (रजि.) यांची हदीस मार्ग दाखवते. त्यांच्या पतीची हत्या झाली होती आणि त्याने मागे स्वतःच्या मालकीचे घर ठेवले नव्हते. माहेरी जाण्याची परवानगी त्यांनी मागितली, तेव्हा अखेरीस इद्दत पूर्ण होईपर्यंत आहे त्याच घरी राहण्यास त्यांना सांगण्यात आले. दुःखाच्या काळात छत असावे, पण त्या काळाला मुदत असावी, हा बोध यातून घेता येतो. सूरह अल-बकराच्या २८० व्या आयतीत तंगीतील कर्जदाराला सवड देण्यास सांगितले आहे. हे वाचणाऱ्यांत कोणी अधिकारी असेल, तर त्याने लक्षात ठेवावे : नियमात बसणारी सवलत विधवेपासून लपवणे, म्हणणे न ऐकताच सामान रस्त्यावर काढणे, हादेखील जुल्मच आहे.

म्हणून न्यायालयात जाणे मुळात गैर नाही. नोटीस चुकीची असेल, आकारलेली रक्कम अवाजवी असेल, निवृत्तिवेतन अडवले असेल, तर जरूर दाद मागा. दावा दाखल करण्यापूर्वी मात्र मनाला एक प्रश्न विचारा : निकाल उद्याच लागावा असे मला वाटते, की तो कधीच लागू नये असे वाटते? ज्याला हक्क हवा असतो तो निकालाची वाट पाहतो. ज्याला केवळ वेळ हवा असतो तो तारखेची वाट पाहतो.

निवृत्तीला पाच-सात वर्षे असतानाच घराची तजवीज सुरू करा. लग्नसमारंभाचा खर्च आवरा. तो पैसा छपराच्या कामी येईल. मुदतीपलीकडे राहिलेल्या दिवसांचे देणे स्वतःहून चुकते करा. आणि वस्तीतील एखादे कुटुंब क्वार्टर सोडत असेल, तर जमाअतने त्याला भाड्याची खोली मिळवून द्यावी, तो गरजू असल्यास अनामत रकमेचा भार उचलावा. त्याला अमानत परत करणे सोपे करणे, ही आपलीही जबाबदारी आहे.

अल्लाह आपल्याला हलाल छत देवो आणि परायी किल्ली वेळेवर परत करण्याचे धैर्य देवो. आमीन.