संस्कृत कशासाठी शिकवायचे?

शालेय अभ्यासक्रमात संस्कृतला स्थान का असावे, या प्रश्नाला पुण्यात सहसा दोन उत्तरे मिळतात: तो परंपरेचा वारसा आहे, हे एक, दहावीला त्यात भरघोस गुण मिळतात, हे दुसरे. पहिल्या उत्तरात वारस कोण, हे गृहीत धरलेले असते. दक्षिणा निधीतून १८२१ साली विश्रामबागवाड्यात निघालेली पाठशाळा प्रारंभी ब्राह्मण विद्यार्थ्यांसाठीच होती. भाषेबरोबर तेथे प्रवेशाधिकाराचेही जतन झाले. दुसऱ्या उत्तरात तर भाषा केवळ गुणपत्रिकेपुरती उरते.

डॉ. आंबेडकरांना शाळेत संस्कृत नाकारले गेले. त्यांना फार्सी घ्यावी लागली. शूद्रांच्या उत्पत्तीविषयीच्या १९४६ सालच्या ग्रंथात त्यांनी पुरुषसूक्ताची चिकित्सा केली. प्रस्तावनेत संस्कृतज्ञानाची उणीव मान्य करून आपली भिस्त इंग्रजी भाषांतरांवर असल्याचे नमूद केले. भाषांतरांवर एवढे साधते, तर मूळ भाषा कशाला, असे यावर कोणी म्हणेल. परंतु ही कबुली त्यांना द्यावी लागली, यातच उत्तर आहे. भाषा नाकारणारी व्यवस्थाच पुढे भाषेच्या अज्ञानावर बोट ठेवून चिकित्सकाचा अधिकार नाकारू शकते.

ज्या संहितांच्या आधारे आपले स्थान ठरविले गेले, त्या मुळातून वाचून पारखता येणे हा प्रत्येकाचा नैतिक अधिकार होय. संस्कृताध्यापनाचे समर्थन येथूनच संभवते. ते मान्य केल्यास सुभाषितांच्या पाठांतराबरोबर वादग्रस्त संहिता आणि त्यांचे परस्परविरोधी अन्वयार्थही वर्गात आणावे लागतील. विद्यार्थ्याच्या मनात त्या संहितांविषयी आदर उपजेल की नकार, हे मात्र त्याच्यावरच सोपवावे लागेल.