दारात उभ्या राहिलेल्या बायका

मी काही पंडित नव्हे. सारा जन्म नर्सिंगमध्ये गेला. पण नेथन स्टोल्ट्झफस या अमेरिकन इतिहासकाराचे १९९६ साली निघालेले पुस्तक वाचल्यापासून एक प्रश्न मनातून जात नाही, तो तुमच्यापुढे ठेवते.

२७ फेब्रुवारी १९४३, शब्बाथचा दिवस. बर्लिनच्या कारखान्यांतून राबणाऱ्या यहुद्यांची त्या सकाळी धरपकड सुरू झाली. हजारोंना थोड्याच दिवसांत आउश्वित्झला धाडले. त्यांतले सुमारे २,००० मात्र वेगळे काढून रोझेनस्ट्रासे या रस्त्यावरच्या एका इमारतीत कोंडले. बहुतेकांच्या बायका यहुदी नव्हत्या, जर्मन होत्या.

नवरा घरी आला नाही म्हणून एकेक बाई चौकशीला गेली, कोणी खाण्याची पुरचुंडी घेऊन. तिथे तिच्यासारख्याच दुसऱ्या भेटल्या. पुढारी कोणी नव्हते. आठवडाभर, थंडीत, त्या दारात येत राहिल्या आणि आमचे नवरे परत द्या म्हणून ओरडत राहिल्या. शिपाई धमकावून हाकलीत. त्या पांगत आणि पुन्हा जमत. ६ मार्चच्या सुमारास माणसे सुटू लागली. आउश्वित्झला गेलेल्या २५ जणांनाही परत आणले, जरी घरी न सोडता मजुरीच्या छावणीत ठेवले.

स्टोल्ट्झफस म्हणतात, बायकांच्या हट्टापुढे सरकार नमले. वोल्फ ग्रुनर हे दुसरे इतिहासकार कागदपत्रे दाखवून म्हणतात, या माणसांना त्या वेळी पाठवायचा बेतच नव्हता.

इतिहासकारांनी खरे ते जरूर शोधावे. पण पेशंट औषधाने बरा झाला की आपोआप, हा प्रश्न केसपेपर लिहिणाऱ्याचा. रात्रभर उशाशी बसणारीला तो सुचत नाही. दारात उभे राहताना निकाल त्या बायकांना कुठे ठाऊक होता?

कोणी म्हणेल, आपापल्या नवऱ्यासाठीच गेल्या ना, त्यात मोठेपणा काय? असे म्हणणाऱ्याने मागची दहा वर्षे पाहावीत. घटस्फोट घ्या म्हणून सरकार त्यांच्या मागे लागले होते. कित्येकींचे माहेर तुटले. सही केली असती तर त्या सुटल्या असत्या आणि नवरा गेला असता. (परजातीतल्या सुनेला आपल्या घरांतूनही काय काय ऐकून घ्यावे लागले, ते आठवून मला जरा लाजच वाटली.)

मला खुपते ते वेगळेच. जिथे नवराबायको दोघेही यहुदी, त्यांच्यासाठी दारात कोण येणार? त्यांचे नातलगही आतच होते. बाहेर उरले होते ते शेजारी, आणि शेजारी आले नाहीत.

त्या शेजाऱ्यांना बोल लावायला मी बसले, तेव्हा मुंबईचे माझे शिकण्याचे दिवस आठवले. जनरल वॉर्डात एक म्हातारी होती. तिला भेटायला कोणी येत नसे. खाट कमी पडली की तिलाच व्हरांड्यात हलवीत. ज्यांचे नातेवाईक दारात उभे असत त्यांना कोणी हात लावीत नसे. हे मला दिसत होते. मी एकोणीस वर्षांची होते आणि सिस्टरची भीती वाटे. एका रात्री पाऊस असताना तिला बाहेर हलवायला सांगितले. मी तिची गादी उचलली आणि भिंतीच्या कडेला, ओल लागणार नाही अशा बेताने, नीट घालून दिली.