पसायदानात बेडकाचा वाटा

नेवाशाला 1290 मध्ये ज्ञानेश्वरांनी ग्रंथ पुरा करताना मागितलेल्या पसायदानात साऱ्या प्राणिजातासाठी मागणं आहे: ज्याला जे हवं, ते त्याला मिळो. हात जोडून ते म्हणताना कोणत्या जिवाला काय हवं, हे आपल्याला ठाऊकच आहे असं आपण धरून चालतो. बेडूक म्हटला की पाणी, एवढ्यावर आपलं समाधान होतं. ऋग्वेदातलं मंडूकसूक्तही बेडकाला पर्जन्याशी जोडतं आणि शेवटी बेडकाकडेच गायी आणि दीर्घायुष्य मागतं. त्याला स्वतःला काय हवं, हा प्रश्न तिथे निघत नाही.

नेवाशाच्याच जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला, अकोले तालुक्यात, सह्याद्रीचा घाटमाथा आहे. सह्याद्रीतली राओर्चेस्टेस गटातली झुडूपबेडकं जेमतेम अंगठ्याच्या पेराएवढी. पावसाळी रात्री नर झुडपावरून साद घालतो. अंडी मात्र तळ्यात पडत नाहीत. बऱ्याच जातींत ती ओल्या मातीत किंवा पाचोळ्यात घातली जातात, आणि त्यांतून शेपटीवाला भैकेर न निघता थेट इवलासा, पुरा बेडूक बाहेर येतो. 1926 मध्ये बांधून झालेलं भंडारदऱ्याचं धरण काठोकाठ भरलं, तरी अशा बेडकाला त्याचं काय? त्याला अंडी फुटेपर्यंत न सुकणारी जमीन हवी आणि वर झुडूप हवं. उन्हाळ्यातल्या वणव्याने तळं जळत नाही, पण पाचोळा आणि झुडूप जळतं. म्हणजे पाणवठे राखून समाधान मानणारी आपली दया इथे चक्क पत्ता चुकते. जीवशास्त्र कळल्याशिवाय ती पुरी होत नाही, असं माझं म्हणणं आहे.

यावर कोणी म्हणेल, पसायदानातली इच्छा पारमार्थिक, तिचा पाचोळ्याशी काय संबंध? पण त्या मागण्यात जिवांची परस्परांशी मैत्रीही आहे, आणि ज्याची गरजच माहीत नाही त्याच्याशी मैत्री कसली? बेडकाला इच्छा नसते म्हणावं, तर सुकलेलं अंडं मरतं हे इच्छेवाचूनही खरंच आहे. अवघड आक्षेप वेगळा आहे. सापाला बेडूकच हवा असतो. मग दोघांनाही हवं ते मिळणार कसं? याचं उत्तर माझ्याकडे नाही, आणि प्रार्थनेनेही ते द्यावं असा हट्ट धरू नये. साप आणि बेडूक यांचा व्यवहार आपण मांडलेला नाही. वणव्याची काडी मात्र बहुधा माणसाच्या हातातली असते, आणि वणवा सापालाही पाचोळा ठेवत नाही.