तारीख नसलेला चेक

बीड-परळी रस्त्यावरच्या आमच्या दिंद्रुडला दोन मित्रांचं बिनसलं की ते दोघांपुरतं राहत नाही, त्यात ट्रॅक्टर असतो, टोळी असते आणि सातबारा असतो. माझ्या भाच्याचा ट्रॅक्टर आहे. ऊसवाहतुकीचा करार त्याच्या नावावर, कारखान्यानं दिलेली आगाऊ रक्कम त्याच्या नावावर, जमिनीवरचा बोजाही त्याचाच. तीच रक्कम पुढं मुकादमाकडं जाते आणि मुकादमाकडून उचल म्हणून कोयत्यांकडं. एक कोयता म्हणजे ऊस तोडणारी नवरा-बायकोची जोडी. मुकादम भाच्याचा शाळेपासूनचा मित्र. दसऱ्यानंतर टोळी ठरल्या रात्री निघाली खरी, पण भलत्याच कारखान्याला, कर्नाटकात. आता पट्टा पडला, हंगाम संपला. मित्रानं सही करून दिलेला, तारीख न घातलेला एक चेक भाच्याच्या कपाटात आहे. त्यावरून आमचं बोलणं झालं. मी निवृत्त मास्तर, समोरच्यानं विचारण्याआधी उत्तर देण्याची खोड अजून आहे.

मी : पैशाचं आणि मैत्रीचं वेगळं कर. पैशासाठी कलम 138 आहे. चेक टाक. परत आला की तीस दिवसांत नोटीस, ती मिळाल्यावर त्याला पंधरा दिवसांची मुदत, मग कोर्ट. दोन वर्षांपर्यंत कैद, नाहीतर चेकच्या दुपटीपर्यंत दंड.

भाचा : वकिलानं सगळं सांगितलंय. सही खरी असली की बाकीचं दुसऱ्यानं भरलं तरी चालतं, असा 2019 चा सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे म्हणे. पण मामा, तारीख मी लिहायची. आमचं कधी संपलं ते माझ्या अक्षरात.

मी : ते त्यानं ठरवलं. टोळीनं वाट बदलली त्या रात्रीच.

भाचा : मग त्या रात्रीच्या आधीचं काय करू? माझ्या बापाच्या तिरडीला खांदा दिला होता त्यानं. तोही लबाडीचाच होता का?

मी : नव्हता. तेच तुला सांगतोय. झालेल्या गोष्टी खोट्या ठरवू नकोस. तेव्हा तो खरा होता, पुढं बदलला. तेवढं मान, म्हणजे गेलेली वर्षं तरी तुझ्याकडं राहतील.

भाचा : ऐकायला बरं वाटतं. पण बघा, तो पहिल्यापासून लबाड असता तर मी नुसता येडा ठरलो असतो. येडेपणाला उपाय असतो, पुढच्या खेपेला डोळे उघडे ठेवायचे. तुम्ही म्हणता तो खरा होता. म्हणजे खऱ्या मित्रानंच हे केलं. आता डोळे उघडे ठेवून बघू काय?

इथं मी अडलो. त्याला धीर द्यायला काढलेलं वाक्य त्यानं माझ्याच अंगावर उलटवलं होतं. मी परिस्थितीकडं वळलो, अडलेला मास्तर तिकडंच वळतो.

मी : त्याची बाजूही बघ. जानेवारी 2024 ला तोडणीचा दर 34 टक्क्यांनी वाढला. दर वाढला की कोयतेही जास्त उचल मागतात. त्याचेच चार कोयते पळाले असतील. तिकडच्या कुणी जास्त पैसे टेकवले असतील. बुडणारा माणूस हाताला लागेल ते धरतो.

भाचा : बुडाला असता तर मी सोडून दिलं असतं. गेल्या साली चार कोयते पळाले तेव्हा मीच म्हणलं होतं, राहू दे, पुढच्या हंगामात फेडू. यंदा त्यानं एक फोन करायचा होता. ‘बुडवतोय तुला’ एवढं जरी म्हणला असता ना, तरी मी आज त्याच्या बाजूनं भांडत असतो.

मी : लाज वाटली असेल.

भाचा : माझी? मामा, चड्डीत होतो तेव्हापासूनचे आम्ही. ज्याच्यापुढं लाज वाटत नाही तो मित्र. त्याला माझी लाज वाटली असेल तर मी त्याचा कोण होतो?

मी : द्रोणाची गोष्ट घे. द्रुपद बालपणीचा मित्र. राजा झाला आणि म्हणाला, राजाची आणि दरिद्र्याची कसली मैत्री? द्रोणानं अर्जुनाकरवी त्याला बांधून आणवलं, अर्धं राज्य काढून घेतलं, अर्धं परत दिलं, म्हणाला, आता आपण बरोबरीचे. त्यानं काय साधलं? द्रुपदानं यज्ञ केला, त्यातून धृष्टद्युम्न झाला, आणि त्यानंच द्रोणाला मारलं. म्हणून वसुली करायची ती पैशाची कर, अपमानाची करायला जाऊ नकोस.

भाचा : द्रुपद बरा म्हणायचा. तोंडावर बोलला. आमच्या ह्यानं टोळी नेली त्याच दिवशी दुपारी माझ्या ओट्यावर चहा घेतला, लेकराच्या हातावर दहाची नोट ठेवली. द्रोणाला निदान कुठल्या दिवसापासून राग धरायचा ते ठाऊक होतं.

ॲरिस्टॉटलही काढून पाहिला. मैत्रीवर त्यानं आपल्या नीतिग्रंथाचे दोन भाग खर्च केले. त्याचं म्हणणं असं, की तक्रारी सगळ्यांत जास्त होतात त्या उपयोगापोटी धरलेल्या मैत्रीत. भाचा म्हणाला, त्याला म्हणावं एक हंगाम टोळी घेऊन जा. इथं उपयोगाची आणि बिनउपयोगाची मैत्री वेगळी ठेवायला कुणाला परवडते? मला हे मान्य करावं लागलं. कोरडवाहू गावात जामीन राहणं, ट्रॅक्टर देणं, रात्री-अपरात्री दवाखान्यात नेणं, हे मैत्रीच्या शेजारी पडलेलं काही नसतं, मैत्री त्यातच असते.

मी : तरी गप्प राहणं बरोबर नाही. पावसाळा लागला की पुढच्या उचली सुरू होतील. तो दुसऱ्या ट्रॅक्टरवाल्याच्या दारात जाईल. तू बोलला नाहीस तर त्या ट्रॅक्टरवाल्याच्या बुडण्यात तुझाही वाटा.

भाचा : ते कळतं. पण मी बोललो की गावात त्याला तेच नाव पडणार, जन्मभर.

मी : पडू दे. 22 जून 1897 ला पुण्यात चाफेकरांनी प्लेग अधिकारी रँडवर गोळी झाडली, सरकारनं वीस हजारांचं इनाम लावलं आणि बातमी दिली त्यांच्याच वर्तुळातल्या द्रविड बंधूंनी. तपास करणारा साहेब आज कुणाला आठवतो? द्रविड आठवतात. परक्याची नोंद पुसली जाते, आतल्याची राहते.

भाचा : आणि त्यांचं काय केलं?

मी : 8 फेब्रुवारी 1899 ला वासुदेव चाफेकर आणि महादेव रानडे यांनी त्यांना बोलावून गोळ्या घातल्या. ते दोघे त्याच वर्षी मे महिन्यात फासावर गेले.

भाचा : म्हणजे नाव राहिलं. तेच तर मला नकोय. त्याचं नाव तसं राहायला नकोय. हसू नका. एवढं होऊनसुद्धा कुणी त्याला चोर म्हणलं की मला बोलावंसं वाटतं, ‘तुला काय ठाऊक?’

मी हसत नव्हतो. पण हे प्रेम की सवय, असं विचारल्यावर तो बराच वेळ काही बोलला नाही, आणि मग भलतीकडूनच बोलायला लागला.

भाचा : तुम्ही म्हणता तो बदलला. मला वाटतं, नाही बदलला. दोन सालाखाली एक कोयता उचल घेऊन पळाला होता. आम्ही दोघं रात्री त्याच्या दारात गेलो. घरात म्हातारी आणि सून. हा म्हणला, ‘पोलीस केस झालीये, सकाळी गाडी येणार.’ केस-बिस काही नव्हती. सून पाया पडली, कानातलं काढून दिलं. परत येताना मी त्याच्या पाठीवर थाप मारली, म्हणलं, तुझ्यासारखा गडी नाही.

मी : पण उचल घेऊन पळणं हाही विश्वासघातच होता.

भाचा : त्यांच्याकडनं काय होतं, कुणी विचारलं? हंगामभर अंग मोडून तोडायचं आणि हिशोबात फिटलेलंच नाही म्हणून पुढल्या साली पुन्हा यायचं. तो गेला तर गद्दार. आम्ही टोळीतलं माणूस अडकवून ठेवलं तर वसुली. ते जाऊ द्या, मी माझं बोलतोय. तो खोटं बोलत होता आणि मी बाजूला उभा होतो. मला वाटत होतं, हे खोटं माझ्यासाठी आहे.

माझ्याकडं याच्यावर द्रोण नव्हता, ॲरिस्टॉटल नव्हता. खरं सांगायचं तर मला ते पटायलाही नको होतं. फसलेला माणूस आपल्याला निर्मळ हवा असतो, त्याशिवाय फसवणाऱ्यावर मनासारखं रागावता येत नाही. मी म्हणालो, असं धरलं तर तुला त्याच्यावर रागवायचा हक्कच उरत नाही. तो म्हणाला, ‘हक्क उरला नाही मामा, राग उरलाय. त्याचं काय करायचं तेच विचारायला आलो.’

आणि खिशातून लग्नपत्रिका काढली. मित्राच्या पोरीचं लग्न.

भाचा : वाचा. स्वागतोत्सुकांत तिसरं नाव माझं. मला न विचारता छापलंय.

मी : म्हणजे माफी मागतोय तो. तोंडानं जमलं नाही म्हणून छापून.

भाचा : नाहीतर गावाला सांगतोय, आमच्यात काही झालेलं नाही. आता मी चेक टाकला तर पोरीच्या मांडवात समन्स धाडणारा मी. दोन्हीही असेल. माफीही मागत असेल आणि बांधूनही घेत असेल, एकाच ओळीत. मी ओळखतो त्याला.

मी : जाशील?

भाचा : पोरगी माझ्या अंगाखांद्यावर खेळलेली आहे. जाणार की. तुम्ही एवढंच सांगा, आहेर घरच्यासारखा करायचा की गावकीतला?

मी : घरच्यासारखा.

भाचा : वहीत लिहून घेतील. म्हणजे त्याच्याकडं माझं आणखी एक येणं झालं.