वज्र आणि अस्थी

आषाढात रायपूरवर मेघ दाटून येतात, तेव्हा समता कॉलोनीतल्या पक्क्या घरांत खिडक्या लावून घेतल्या जातात आणि गडगडाट ओसरण्याची वाट पाहिली जाते. शहर संपते तेथून भातखाचरे सुरू होतात. लावणी करणारी माणसे पाण्यात वाकून उभी असतात. वीज माणसे मारते ती बहुधा तिथे. २०२२ साली देशात वीज पडून अडीच हजारांहून अधिक माणसे दगावली. वस्तीच्या नावात समता असली, तरी आकाशातून येणारा आघात ती पाळत नाही.

या आघातामागे एखाद्या देवाचे शस्त्र आहे, अशी कल्पना अनेक समाजांनी केली. झ्यूसचे वज्र एकाक्ष सायक्लोपांनी घडविले, थॉरचा हातोडा खुजांच्या भट्टीत तयार झाला. ऋग्वेदातही एके ठिकाणी त्वष्टा हा कारागीर इंद्रासाठी वज्र घडवितो. परंतु त्याच ऋग्वेदात दुसरा एक उल्लेख आहे: इंद्राने दध्यंचाच्या अस्थींनी वृत्रांचा संहार केला. पुढे महाभारताने आणि पुराणांनी या बीजाचा विस्तार केला आणि जगातील वादळी शस्त्रांच्या कथांहून वज्राची कथा निराळी झाली. येथे शस्त्राचे सामर्थ्य धातूत नाही, भट्टीत नाही, ते धारण करणाऱ्या बाहूतही नाही. ते एका वृद्ध तपस्व्याच्या हाडांत आहे, आणि ती हाडे मागून आणलेली आहेत.

या मागण्यातच खरा नैतिक प्रश्न दडलेला आहे. दधीचीचे दान सर्वांनी गायिले. देवांच्या याचनेकडे मात्र फारसे कोणी पाहिले नाही. भागवतकाराने पाहिले. षष्ठ स्कंधात देव दधीचीकडे येतात, तेव्हा ऋषी प्रथम काहीसे विनोदाने, पण मर्मावर बोट ठेवून विचारतो की, देहधाऱ्याला मरताना किती यातना होतात हे तुम्हांला ठाऊक नाही काय? प्रत्येक जीवाला देह प्रिय असतो. तो मागितला तर कोण देईल? यावर देवांनी दिलेले उत्तर विलक्षण आहे. स्वार्थात गढलेल्याला दुसऱ्याचे संकट कळत नाही, ते कळले असते तर त्याने मागितलेच नसते; आणि ज्याच्यापाशी देण्याचे सामर्थ्य आहे तो नाही म्हणत नाही, असा त्याचा आशय आहे. हा युक्तिवाद नव्हे, कबुली आहे. पण चतुर कबुली आहे. पूर्वार्धात याचक स्वतःला दोषी ठरवितो आणि उत्तरार्धात दात्याला नकार देण्याची जागाच ठेवत नाही. दधीचीने देह स्वेच्छेने ठेवला, याविषयी कथेत संदिग्धता नाही. तथापि ज्याच्या दारी सारा देवलोक हात जोडून उभा आहे, त्याची स्वेच्छा कितपत मोकळी असते?

वज्र हाती आल्यावर इंद्र निष्कलंक झाला, असेही कथा म्हणत नाही. युद्धात ते त्याच्या हातून गळून पडते आणि तो लाजून उभा राहतो. उचल, ही विषादाची वेळ नव्हे, असे त्याला सांगतो तो प्रत्यक्ष वृत्र! वृत्रवधानंतर ब्रह्महत्या इंद्राच्या पाठीस लागते आणि स्वर्गाचा राजा कमळाच्या देठात दडून बसतो. दात्याचे पावित्र्य शस्त्रात उतरले. शस्त्र चालविणाऱ्यापर्यंत ते पोचले नाही.

स्वतंत्र भारताने सर्वोच्च शौर्यपदकासाठी हेच वज्र निवडले. २६ जानेवारी १९५० रोजी परमवीर चक्राची स्थापना झाली. त्याची आकृती सावित्रीबाई खानोलकरांची. १९१३ साली स्वित्झर्लंडमध्ये जन्मलेली ही युरोपीय कन्या १९३२ साली विक्रम खानोलकर या मराठी सेनाधिकाऱ्याशी विवाहबद्ध झाली आणि संस्कृत व पुराणे यांत रमली. काशाच्या लहानशा चकतीवर मध्यभागी राजचिन्ह आणि सभोवती चार वज्रे, अशी तिने रचना केली. पाहणाऱ्याला शस्त्र दिसते ते इंद्राचे. पदकाने गौरविलेला माणूस मात्र बहुतेक वेळा दधीचीच्या बाजूचा असतो. आजवरच्या २१ मानकऱ्यांपैकी १४ जणांना हे पदक मरणोत्तर मिळाले. पहिले मानकरी मेजर सोमनाथ शर्मा ३ नोव्हेंबर १९४७ रोजी बडगाम येथे पडले. त्यांचा एक हात प्लास्टरमध्ये होता, आणि तशा हातानेच ते सैनिकांना काडतुसे भरून देत होते. ते सावित्रीबाईंच्या थोरल्या कन्येचे दीर होत. अस्थी कोणाच्या, हा प्रश्न पदकाच्या रचनाकर्तीच्या घरापर्यंत असा येऊन पोचला होता.

याचक येथे देवलोक नाही, राष्ट्र आहे. आणि राष्ट्र म्हणजे अंतिमतः खिडक्या लावून घरात बसलेले लोक. त्यांनी मागूच नये, असे म्हणणे सोपे आहे, पण वृत्र दाराशी आला असता ते पुरेसे ठरत नाही. दधीचीच्या कथेतील देव निदान स्वतः आश्रमात गेले, मरणाच्या यातनेविषयीचा प्रश्न त्यांना समोरासमोर ऐकावा लागला. आधुनिक याचकाला ती पायपीट पडत नाही. तो पदक देतो, चौकाला नाव देतो आणि प्रश्न ऐकण्याची वेळच येऊ देत नाही.

या संदर्भात कारवारजवळच्या चेंडिया गावचे राम राघोबा राणे आठवतात. एप्रिल १९४८ मध्ये नौशेरा-राजौरी मार्गावर या सेकंड लेफ्टनंटने शत्रूच्या माऱ्याखाली, स्वतः जखमी असताना, सुरुंग काढले, अडथळे दूर केले आणि रणगाड्यांना वाट करून दिली. त्यांना परमवीर चक्र मिळाले आणि ते स्वीकारण्यास ते हयात होते. १९९४ पर्यंत जगले. चार वज्रे कोरलेले ते पदक येथे ज्या कामासाठी दिले गेले, त्यात प्रहार नव्हता. जमिनीत पुरलेला प्रहार हाताने उकरून निकामी करणे होते.