फेज टू

सॉफ्टवेअरमध्ये काम करणाऱ्या कोणालाही विचारा, 'हे फेज टूमध्ये घेऊ' याचा अर्थ काय होतो. बहुतेक वेळा, 'हे राहिलं' असाच. फेज वन लाइव्ह जातं, केक कापला जातो आणि टीम दुसऱ्या प्रोजेक्टला लागते.

डिसेंबर 2002 मध्ये न्यूयॉर्क राज्यात एक कायदा झाला. माणूस कोणावर प्रेम करतो, यावरून नोकरी किंवा घर नाकारायला त्याने बंदी घातली. गे, लेस्बियन, बायसेक्शुअल लोकांना संरक्षण मिळालं. ट्रान्स लोकांना नाही. त्यांना धरलं तर बिल अडकेल, आधी एवढं होऊ द्या, असं चळवळीतलेच लोक म्हणत होते. ट्रान्स कार्यकर्त्या सिल्व्हिया रिव्हेरा शेवटपर्यंत याविरुद्ध भांडल्या. 1973 च्या प्राइड सभेत त्या तुरुंगातल्या आपल्या माणसांबद्दल बोलायला उभ्या राहिल्या, तेव्हाही समोरच्या गर्दीने त्यांची हुर्यो उडवली होती. फेब्रुवारी 2002 मध्ये त्या गेल्या. ट्रान्स लोकांसाठीचा कायदा व्हायला जानेवारी 2019 उजाडला.

मग 2002 चा कायदा करायलाच नको होता? उद्या ज्याची नोकरी जाणार आहे, त्या गे माणसाला 'सोळा वर्षं थांब' असं मी सांगू शकत नाही. पण कोणी थांबायचं, हे ज्यांना थांबायचं नव्हतं त्यांनी ठरवलं. मला खुपतं ते हे.

शिवाय हे वेगळं काढणं मुळात जमतं का? शाळेत 'बायल्या' म्हणून ज्याला छळतात, त्याला तू कोणावर प्रेम करतोस, असं कोणी विचारत नाही. चाल, आवाज, हातवारे एवढं पुरतं. गे मुलगा आणि ट्रान्स मुलगी एकाच नियमाचा मार खातात. तो नियम तसाच ठेवला, तर 'तू गे आहेस म्हणून नाही, तुझं वागणं बायकी आहे म्हणून' असं सांगून कोणालाही काढता येतं.

आपल्याकडे क्रम उलटा होता. डिसेंबर 2013 मध्ये सुप्रीम कोर्टाने कलम 377 पुन्हा लागू केलं आणि चारच महिन्यांनी, एप्रिल 2014 मध्ये, तृतीयपंथीयांना स्वतःची लिंगओळख ठरवण्याचा हक्क दिला. हिजड्यांना छळायला 377 वापरलं जातं, हे त्याच निकालात नोंदवलंय. तरी ते कलम सप्टेंबर 2018 पर्यंत त्यांच्या डोक्यावर राहिलं. ओळख मान्य, प्रेम मात्र गुन्हा.

टप्पे पडणारच. पण ज्याला आधी मिळालं, त्याचं काम तिथे संपत नाही. उलट आता त्याच्या हातात बळ आहे, वेळ आहे. आता मीटिंगमध्ये कोणी 'फेज टू' म्हणालं, की मी दोनच गोष्टी विचारते: तारीख कोणती, आणि ज्यांचं काम मागे पडतंय त्यांना विचारलंय का?